रशियाच्या ड्यूमात मतांचं गणित नेमकं कसं चालायचं? (1906 ते 1917)

पानगळ:

1905 ची क्रांती ते 1917 हा काळ वाचतोय. राजकारण कळतं, पण निवडणुकीची यंत्रणा डोक्यात बसत नाही. बहुतेक पुस्तकांत एक ओळ हमखास असते: जमीनदाराचं एक मत म्हणजे शेतकऱ्यांची 15 आणि कामगारांची 45. मग पहिली ड्यूमा (झारकाळातली निवडून आलेली संसद) इतकी सरकारविरोधी निघालीच कशी? एवढं झुकतं माप असेल तर ती झारच्या खिशात असायला हवी होती.

शिवाय 3 जून 1907 ला कायदा बदलला म्हणजे नेमकं काय केलं? आणि 1917 च्या संविधान सभेच्या निवडणुकीवर बोल्शेविकांचा (लेनिनच्या पक्षाचा) जो आक्षेप होता, त्यात काही दम होता का?

झार चांगला की लेनिन चांगला हा वाद इथे नको. मत टाकल्यापासून सदस्य निवडून येईपर्यंत काय व्हायचं, ते हवंय. एकाच घटनेच्या दोन-दोन तारखा दिसतात, त्याचंही कुणी सांगा.

---

बखरवाचक:

15 आणि 45 हे आकडे कायद्यात कुठेच नव्हते. 11 डिसेंबर 1905 च्या कायद्याला एक तक्ता जोडलेला होता. कुठल्या गुबेर्नियात (म्हणजे प्रांतात) कुठल्या वर्गाचे किती निर्वाचक (म्हणजे पुढे सदस्य निवडणारे प्रतिनिधी), एवढंच त्यात होतं. त्या तक्त्याला लोकसंख्येने भागून नंतरच्या अभ्यासकांनी प्रमाण काढलं: जमीनदारांत साधारण 2,000 लोकांमागे एक निर्वाचक, शेतकऱ्यांत 30,000 मागे एक, कामगारांत 90,000 मागे एक. हा भागाकार बरोबर आहे, पण तो दरडोई वजन सांगतो. सभागृहात कुणाचे किती बसणार हे त्यातून कळत नाही. शेतकऱ्यांची संख्याच एवढी अफाट होती की मताला पंधरापट कमी वजन असूनही एकूण निर्वाचकांत त्यांचा वाटा सुमारे 42 टक्के आला. सगळ्यात मोठा गट तोच.

हे सरकारच्या नजरचुकीने झालेलं नाही. खेडूत झारला बाप मानतो, शहरातले वकील-प्राध्यापक काय ते गडबड करतात, अशी दरबारात पक्की समजूत होती. शेतकऱ्यांना जागा मुद्दाम दिल्या होत्या.

आता टप्पे. शेतकरी वर्गात निवडणूक चार टप्प्यांची:

1. दर दहा घरांमागे एक माणूस वोलोस्तच्या (गावांच्या गटाच्या) सभेवर जायचा.
2. वोलोस्तची सभा आपल्यातून दोन मुखत्यार निवडायची.
3. हे मुखत्यार उयेज्दच्या (तालुका म्हणा) ठिकाणी जमून निर्वाचक निवडायचे.
4. निर्वाचक गुबेर्नियाच्या शहरी जमायचे. तिथे जमीनदार, शहरी आणि कामगार वर्गांचे निर्वाचकही आलेले असत. ही एकत्र सभा ड्यूमाचे सदस्य निवडायची.

जमीनदार आणि शहरी वर्गांना दोनच टप्पे, कामगारांना तीन. कामगार वर्गात फक्त किमान 50 पुरुष कामगार असलेले कारखाने धरले जात. 50 ते 1,000 पर्यंत एक मुखत्यार, पुढे दर हजारामागे एक. म्हणजे 40 जणांच्या कारखान्यातला माणूस कामगार म्हणून मतदारच नाही. स्त्रिया, 25 वर्षांखालचे पुरुष, सैनिक, विद्यार्थी आणि भटके समाज मुळातच बाहेर.

शेवटच्या सभेत मतदान गोळ्यांनी व्हायचं. प्रत्येक उमेदवारासाठी वेगळी फेरी, हात झाकून गोळी बाजूच्या किंवा विरोधाच्या कप्प्यात टाकायची, आणि निवडून यायला निम्म्याहून जास्त गोळ्या हव्यात. उमेदवार भरमसाट असले की सभा लांबतच जाई. तेवढ्या वेळात सौदे होत आणि संघटित गटाचं फावत असे. 1906 मध्ये संघटित होते ते काडेट (घटनात्मक लोकशाहीवादी). एस.आर. (समाजवादी क्रांतिकारक) आणि बोल्शेविकांनी बहिष्कार घातला होता, त्यामुळे डावीकडची मतंही बरीचशी काडेटांकडे गेली.

तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर चौथ्या टप्प्यात आहे. 1905 च्या कायद्यात एक छोटी तरतूद होती: एकत्र सभा सुरू होण्याआधी शेतकरी निर्वाचकांनी फक्त आपल्यातून, आपल्याच मतांनी एक सदस्य निवडायचा. बाकीचे सदस्य सगळ्यांनी मिळून. म्हणजे प्रत्येक गुबेर्नियातून किमान एक शेतकरी असा जायचा ज्याच्या निवडीत जमीनदाराची एकही गोळी नाही. आणि ही मंडळी ड्यूमात आल्यावर एकच विषय बोलू लागली: जमीन. त्यांच्यातूनच त्रुदोविक गट उभा राहिला. जमीनदारांच्या जमिनी सक्तीने घेऊन वाटा, ही त्यांची मागणी. झार बाप असेल, पण जमीन आमची.

27 एप्रिल 1906 ला ड्यूमा भरली, 8 जुलैला बरखास्त झाली. 72 दिवस. सरकारने तिच्यापुढे ठेवलेलं पहिलं विधेयक कसलं होतं माहीत आहे? युर्येव विद्यापीठासाठी काचेचं रोपघर आणि धोबीघर बांधायला पैसे मंजूर करण्याचं. सभागृहात जमिनीवरून आग लागलेली असताना.

---

उंबरा:

तारखांचं सोपं आहे. 1918 पर्यंत रशियात जुनी (ज्युलियन) दिनदर्शिका होती. 20 व्या शतकातल्या तारखेत 13 दिवस मिळवा, 19 व्या शतकातल्या तारखेत 12. म्हणजे 27 एप्रिल 1906 = 10 मे, 3 जून 1907 = 16 जून, 12 नोव्हेंबर 1917 = 25 नोव्हेंबर. 1918 मध्ये 31 जानेवारीनंतर थेट 14 फेब्रुवारी उजाडला, तिथून पुढे एकच तारीख. चूक हमखास होते ती ऑक्टोबर 1917 ते जानेवारी 1918 या पट्ट्यात, कारण एकाच पुस्तकात दोन्ही पद्धती मिसळलेल्या असतात. टिपणं काढताना एकच पद्धत ठरवून घ्या. या धाग्यावर त्या बदलाआधीचं सगळं जुन्या पद्धतीनेच लिहू या.

---

चौथी_रांग:

3 जून 1907 बद्दल. दुसरी ड्यूमा (20 फेब्रुवारी ते 2 जून 1907) पहिलीपेक्षा जास्त डावी निघाली, कारण बहिष्कारवाले या वेळी उतरले. काडेट मात्र घटले. त्याचं एक कारण विबोर्गचं आवाहन. पहिली ड्यूमा विसर्जित झाल्यावर तिचे जवळपास 180 सदस्य फिनलंडमधल्या विबोर्गला गेले आणि 'कर देऊ नका, सैन्यात माणसं देऊ नका' असं पत्रक काढलं. जनता हलली नाही. सह्या करणाऱ्यांवर खटले झाले, तीन-तीन महिन्यांची शिक्षा झाली, आणि निवडणूक लढवण्याचा हक्क गेला. पहिल्या ड्यूमाचे अध्यक्ष मुरोम्त्सेवही त्यातच. काडेटांची पहिली फळी एका सहीने बाद झाली.

सरकारने आधी कायदा न बदलता भागवायचा प्रयत्न केला होता. सेनेटकडून (कायद्याचा अर्थ लावणाऱ्या सर्वोच्च संस्थेकडून) 'खुलासे' काढले. शेतकरी बँकेमार्फत जमीन विकत घेतलेले शेतकरी जमीनदार वर्गात मतदान करत होते, त्यांना तिथून काढलं. अशा कात्रीने फारसं साधलं नाही, मग मुळावर घाव.

2 जूनला ड्यूमा विसर्जित करण्याचं ठरलं आणि 3 तारखेला नवा निवडणूक कायदा जाहीर झाला. बेकायदा काय होतं? मूलभूत कायद्यांचं (राज्यघटनेच्या जागी असलेल्या कायद्यांचं) कलम 87. ड्यूमाचं अधिवेशन नसताना सरकारला वटहुकूम काढता येत होते, पण निवडणुकीचे नियम त्या वाटेने बदलायला त्याच कलमात स्पष्ट मनाई होती. म्हणून पंतप्रधान स्तोलीपिनने 87 वापरलंच नाही, झारच्या नावाने थेट जाहीरनामा काढला. याला 'तीन जूनचं बंड' म्हणतात ते त्यामुळे.

नव्या प्रमाणात जमीनदारांचा निर्वाचक 230 लोकांमागे एक, शहरी पहिल्या वर्गाचा (बड्या मालमत्तेचा) 1,000 मागे, शहरी दुसऱ्याचा 15,000 मागे, शेतकऱ्यांचा 60,000 मागे, कामगारांचा 1,25,000 मागे. तुमचे 15 आणि 45 आता सुमारे 260 आणि 543 झाले. बखरवाचक म्हणतात तसा एकूण वाटा पाहायचा तर जमीनदार निम्म्याच्या आसपास पोचले, शेतकरी 42 वरून पाचव्या हिश्श्याच्या थोडं वर.

पण माझ्या मते खरी कारागिरी दोन बारीक कलमांत आहे. पहिलं: शेतकऱ्यांचा राखीव सदस्य ठेवला, पण त्याला निवडायचं संपूर्ण सभेने. म्हणजे सदस्य शेतकरीच असणार, पण आलेल्या शेतकऱ्यांपैकी कोण, हे जमीनदार ठरवणार. कागदावर हक्क जसाच्या तसा आणि हातात काही नाही. दुसरं: वेगळं प्रतिनिधित्व असलेली शहरं कमी केली. युरोपीय रशियात पाचच उरली: सेंट पीटर्सबर्ग, मॉस्को, कीव्ह, ओडेसा, रीगा. बाकीच्या शहरांची मतं गुबेर्नियाच्या सभेत विरघळली.

सीमाभागांची तर सरळ छाटणी. मध्य आशियाच्या जागा शून्य, पोलंडच्या 14 वर आणल्या, एकूण सभागृह 442 चं. तिसऱ्या ड्यूमात ऑक्टोबरवाद्यांचे (सरकारशी जुळवून घेणाऱ्या मवाळ पक्षाचे) 154 आले आणि ती 1912 पर्यंत पूर्ण मुदत चालली. चारही ड्यूमांत पूर्ण मुदत पाहिलेली ही एकटीच.

---

पानगळ:

हे फार उपयोगी. 42 टक्क्यांनी पहिला प्रश्न सुटला. पण मग दुसरा उभा राहतो: 1907 चा कायदा इतका घट्ट होता, तर चौथ्या ड्यूमात सहा बोल्शेविक कसे शिरले?

---

चौथी_रांग:

कायद्यातूनच. सहा औद्योगिक गुबेर्नियांत एक कामगार सदस्य सक्तीचा होता: पीटर्सबर्ग, मॉस्को, व्लादिमीर, येकातेरिनोस्लाव, कोस्त्रोमा, खार्कोव्ह. बोल्शेविकांचे सहाच्या सहा तिथूनच आले. निवड इथेही संपूर्ण सभेची, म्हणजे जमीनदारांना पसंतीचा कामगार निवडता आला असता. पण त्यासाठी कामगार निर्वाचकांत त्यांच्या पसंतीचा एक तरी उभा राहायला हवा. बाकीचे नाव मागे घेणार हे आधीच ठरलेलं असलं की सभेला निवडायला उरतो एकच.

यातला मॉस्कोचा सदस्य रोमान मालिनोव्स्की हा ओखरानाचा, म्हणजे गुप्त पोलिसांचा, पगारी माणूस होता. त्याच्या उमेदवारीत दोन अडचणी होत्या. चोरीच्या जुन्या शिक्षा होत्या, त्या पोलिसांनी दाबल्या. आणि मुखत्यार व्हायला त्याच कारखान्यात सहा महिने नोकरी झालेली असावी लागे. मुदत भरत आलेली असताना फोरमन त्याला काढायच्या बेतात होता. पोलिसांनी फोरमनलाच उचललं. मालिनोव्स्की ड्यूमात बोल्शेविक गटाचा म्होरक्या झाला, मे 1914 मध्ये अचानक राजीनामा देऊन देशाबाहेर गेला, आणि 1918 मध्ये परत आल्यावर त्याला गोळ्या घातल्या.

---

ओसरी:

संविधान सभेवर लिहितो, तिची यंत्रणा ड्यूमाच्या अगदी उलट होती. वर्ग नाहीत, टप्पे नाहीत. 20 वर्षांवरच्या सगळ्या स्त्री-पुरुषांना थेट, समान, गुप्त मत. आघाडीवरच्या सैनिकांनाही मत, त्यांचे मतदारसंघ आघाडीनिहाय. पक्षांच्या याद्या आणि प्रमाणशीर जागावाटप. मतदाराला प्रत्येक यादीची वेगळी छापील चिठ्ठी मिळायची, हवी ती पाकिटात घालून पेटीत टाकायची. निरक्षर मतदाराला यादीचा क्रमांक ओळखता आला की काम झालं, म्हणून प्रचार पक्षाच्या नावाइतकाच क्रमांकाचाही असायचा.

मतदान 12 नोव्हेंबर 1917 ला सुरू झालं, म्हणजे बोल्शेविकांनी सत्ता घेतल्यावर तीन आठवड्यांच्या आत. बऱ्याच भागांत ते नंतर आणि तुकड्यातुकड्याने झालं. सव्वाचार कोटींहून जास्त मतं पडली. एस.आर. साधारण 40 टक्के, बोल्शेविक साधारण 24, काडेट 5 च्या आत. पेट्रोग्राड (म्हणजे सेंट पीटर्सबर्ग) आणि मॉस्को शहरांत बोल्शेविक पहिले. राजधानीजवळच्या उत्तर आणि पश्चिम आघाड्यांवरही तेच. रोमानियाच्या आघाडीवर एस.आर. पुढे. वर्तमानपत्रं आणि प्रचारक आगगाडीने जिथवर वेळेत पोचले, तिथवर बोल्शेविक, असा नकाशा काढता येतो.

आता बोल्शेविकांचा आक्षेप, की याद्याच जुन्या होत्या. एस.आर. पक्षाच्या याद्या फुटीच्या आधी तयार झाल्या होत्या. डावे एस.आर. वेगळे झाले तेव्हा छापील चिठ्ठीवर नावं एकत्रच, आणि वरच्या जागांवर बहुतेक उजवे. मतदाराला डाव्यांनाच मत द्यायचं असलं तरी वेगळी चिठ्ठी नव्हती. एवढ्यापुरता आक्षेप खरा आहे. डाव्या एस.आर. ना जेमतेम 40 जागा मिळाल्या, त्यांच्या खऱ्या ताकदीपेक्षा कमी.

---

बखरवाचक:

ओसरी, यादीचं मान्य, पण त्या आक्षेपाची धाव किती? तो फक्त एस.आर. ची 40 टक्के डावे-उजवे कशी वाटायची याबद्दल आहे. बोल्शेविकांच्या 24 टक्क्यांत त्याने काही भर पडत नाही. डाव्यांना ती मतं सढळ हाताने वाटून दिली तरी दोघांचं मिळून बहुमत होतंच असं नाही, कारण युक्रेन आणि इतर राष्ट्रीय पक्षांच्या याद्या मध्ये होत्या. आणि आक्षेप यादीचाच असता तर उपाय फेरनिवडणूक होता, सभा बंद करणं नव्हे.

प्रत्यक्ष दिवस असा गेला. सभा सुरू करायला 400 सदस्यांची अट सरकारने घातली होती, तेवढे जेमतेम जमले. 5 जानेवारी 1918 ला दुपारी तव्रीचेस्की प्रासादात बैठक भरली. अध्यक्षपदावर एस.आर. चे चेर्नोव्ह 244 मतांनी निवडून आले. बोल्शेविकांचा जाहीरनामा चर्चेला घ्यायला बहुमताने नकार दिला, तेव्हा आधी बोल्शेविक आणि मग डावे एस.आर. उठून गेले. पहाटे पाचच्या सुमाराला पहारेकऱ्यांचा प्रमुख, झेलेझ्न्याकोव्ह नावाचा खलाशी, चेर्नोव्हजवळ आला: पहारेकरी थकलेत, सभा आटपा. चेर्नोव्हने घाईघाईत जमिनीच्या कायद्यावर मतं घेतली. दुसऱ्या दिवशी सदस्य आले तर दाराला कुलूप.

---

उंबरा:

स्त्रियांच्या मताबद्दल एक भर, कारण 'रशियात स्त्रियांना 1917 मध्ये मत मिळालं' हे वाक्य अर्धवट आहे. रशियन साम्राज्यातल्या फिनलंडच्या महाड्यूकीत 1906 मध्येच स्त्रियांना मत देण्याचा आणि निवडणूक लढवण्याचा हक्क मिळाला, आणि 1907 मध्ये तिथल्या संसदेत 19 स्त्रिया निवडून आल्या. झार एकच, साल जवळपास एकच. पीटर्सबर्गमधल्या स्त्रीला मात्र ड्यूमासाठी मत नाही.

---

शून्यखाते:

प्रश्न 1917 पर्यंतचा आहे, पण यंत्रणेत रस असेल तर पुढच्या दोन मतपत्रिका बघण्यासारख्या आहेत.

पहिली सोव्हिएत मतपत्रिका. 1936 च्या संविधानानंतर सर्वोच्च सोव्हिएतची (सोव्हिएत संसदेची) पहिली निवडणूक 12 डिसेंबर 1937 ला झाली, 1,143 जागांसाठी. मतपत्रिकेवर सूचना होती: एकाच उमेदवाराचं नाव ठेवा, बाकीची खोडा. प्रत्यक्षात नाव एकच. म्हणजे 'हो' म्हणायला काहीच करायचं नाही, घडी घालून पेटीत टाका. 'नाही' म्हणायचं तर पेन्सिल लागते, आणि पेन्सिलीसाठी पडद्याआड जावं लागतं. मत गुप्त, पण आड कोण गेलं ते सगळ्यांना दिसतं.

याच पद्धतीने 26 मार्च 1989 ला, लोकप्रतिनिधी काँग्रेस या नव्या सभागृहाच्या निवडणुकीत, घात केला. उमेदवाराला निम्म्याहून जास्त मतं हवीत हा नियम जुनाच होता, कधी लागला नव्हता इतकंच. त्या वर्षी लोक पडद्याआड जायला घाबरेनासे झाले. लेनिनग्राडचा पक्षप्रमुख आणि पॉलिटब्यूरोचा (पक्षाच्या सर्वोच्च मंडळाचा) मताधिकार नसलेला सदस्य युरी सोलोव्योव्ह आपल्या मतदारसंघात एकटाच उभा होता आणि पडला. अशा वेळी नियम असा: दोनपेक्षा जास्त उमेदवार असतील तर पहिल्या दोघांत फेरमतदान, एक किंवा दोनच असतील तर नव्याने निवडणूक. म्हणजे बिनविरोध राहण्याची सोय करून घेतलेल्यांचाच तोटा जास्त. अर्थात 2,250 पैकी 750 जागा संघटनांना होत्या, त्यांतल्या 100 कम्युनिस्ट पक्षाला. त्यासाठी पक्षाने बरोबर 100 च नावं दिली.

दुसरी 17 डिसेंबर 1995 ची. ड्यूमाच्या 450 पैकी 225 जागा यादीने, 225 एकसदस्यीय मतदारसंघांतून, यादीला 5 टक्क्यांची अट. मतपत्रिकेवर 43 याद्या. अट ओलांडली चौघांनीच: कम्युनिस्ट 22.3, झिरिनोव्स्कीचा पक्ष 11.2, 'आमचं घर रशिया' 10.1, याब्लोको 6.9. बेरीज 50.5. जवळपास निम्मी मतं वाया गेली आणि चौघांच्या जागा दुपटीच्या आसपास फुगल्या. 22.3 ला 50.5 ने भागा, 225 ने गुणा: 99. कम्युनिस्टांना यादीच्या तेवढ्याच जागा मिळाल्या. मतदारांनी लबाडी केली नाही की मोजणाऱ्यांनी, ही नुसती लहान पक्षांची हाव.

---

पानगळ:

@शून्यखाते, मग 2016 ला 'संयुक्त रशिया' या सत्ताधारी पक्षाला 54 टक्क्यांत तीन चतुर्थांश जागा मिळाल्या, तेही याच अटीमुळे?

---

शून्यखाते:

नाही, त्यात अटीचा हात थोडका. यादीत 54.2 टक्क्यांवर 140 जागा, म्हणजे 225 च्या 62 टक्के. फुगवटा आहे, पण बेताचा. उडी एकसदस्यीय भागातली: 225 पैकी 203. तिथे दुसरी फेरी नाही, ज्याला सगळ्यात जास्त मतं तो आला. विरोधक चार-पाच जणांत वाटले गेले की 40 टक्क्यांतही जागा निघते. 2007 आणि 2011 च्या निवडणुका फक्त याद्यांवर झाल्या होत्या, तेही 7 टक्क्यांच्या अटीने. 2011 ला या पक्षाला 49.3 टक्के मतांवर 238 जागा मिळाल्या, म्हणजे बहुमतापेक्षा 12 जास्त. 2014 मध्ये नवा कायदा करून निम्म्या जागा पुन्हा मतदारसंघांना दिल्या. 140 अधिक 203, झाले 343.